साडेआठला शेतकरी, अकराला कुंभार

पूर्वी माणसं सुट्टीत लोणावळ्याला जायची, पॉइंट बघायची, चिक्की घ्यायची आणि परत यायची. पॉइंटची त्यांच्याकडून काहीही अपेक्षा नसे. आता पर्यटकाला नुसतं बघून भागत नाही, त्याला अनुभव लागतो. आणि अनुभव द्यायचा सगळ्यात सोपा मार्ग म्हणजे पाहुण्याला कामाला लावणं, हे व्हिएतनाममधल्या मंडळींना आपल्या फार आधी कळलं.

होई आन हे तिथलं जुनं बंदर. पिवळ्या भिंती, कौलारू घरं, रात्री नदीकाठी कंदीलच कंदील. १९९९पासून जागतिक वारशाच्या यादीत आहे. पण कंदिलाखाली उभं राहून फोटो काढायला एक संध्याकाळ पुष्कळ होते. दुसऱ्या दिवसासाठी हॉटेलच्या काउंटरवर एक तक्ता असतो: भाजी लावा, भात लावा, मडकं करा, टोपलीत बसून नदीत फिरा. समोर किंमत. ती डोंगमध्ये, म्हणजे तिथल्या चलनात, असल्यामुळे लाखांत असते. तीनशेनं भागून रुपये केले की छातीतली धडधड थोडी कमी होते. हिनं तक्ता वाचला आणि "एकाच दिवसात चारही होतात" असं जाहीर केलं. ज्या बाईनं घरच्या बाल्कनीतला कढीपत्ता वाळेपर्यंत एकदाही पाणी घातलं नाही, ती परदेशात वाफा शिंपायला निघाली होती.

आमच्याबरोबर कॉलेजात जाणारा चिरंजीव होता आणि माझी आत्या होती. आत्याचं वय सत्तरीच्या पुढे, आणि उभी हयात राजापूर तालुक्यातल्या खाचरांत गेलेली. परदेश बघायचा म्हणून ती आली होती. दिवसभराचा कार्यक्रम तिला समजावून सांगितला तेव्हा तिनं दोनच प्रश्न विचारले.

"लावणी करायला? पैसे देऊन?"

पुढे ती काही बोलली नाही. आत्या बोलत नाही तेव्हा जास्त काळजी करावी, असं आमच्या घराण्यात मानतात.

सकाळी साडेआठला आम्ही त्रा क्वे या गावी पोचलो. जुन्या शहरापासून तीनेक किलोमीटर, सायकलनं. हे भाजीपाल्याचं गाव. पाण्यातलं शेवाळं काढून ते मातीत घालायचं, ही इथली पिढ्यान् पिढ्यांची खताची पद्धत. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेनं २०२४ साली उत्तम पर्यटन गावांच्या यादीत याचं नाव घातलं. त्यामुळे गावातल्या कोथिंबिरीलाही आता कॅमेऱ्याची सवय झाली आहे. गेल्या गेल्या आम्हाला चॉकलेटी सदरे दिले. व्हिएतनामी शेतकरी अंगानं सडपातळ असतो आणि सदराही त्याच विश्वासानं शिवलेला असतो. माझी बटणं आणि काजी एकमेकांकडे लांबूनच बघत राहिली. वर 'नॉन ला', म्हणजे ती शंकूसारखी टोपी. आत्यानं टोपी उलटी करून बांबूच्या कड्या मोजल्या. सोळा भरल्या. टाके बघितले, वजन तोललं आणि म्हणाली, "इरल्यापेक्षा बरं. पण पाठ भिजणार."

पहिलं काम पाणी शिंपायचं. तिथे कावड असते. खांद्यावर आडवा दांडा, दोन्ही टोकांना झारी. दोन वाफ्यांच्या मधून चालायचं आणि दोन्ही झाऱ्या एकदम कलत्या करून दोन्हीकडे सारखं पाणी सोडायचं. गावातल्या मावशींनी करून दाखवलं तेव्हा जणू पाऊसच त्यांच्याबरोबर चालत होता. मी उचलली तेव्हा उजवी झारी जमिनीला टेकली, डावी आभाळाकडे गेली आणि पाऊस फक्त माझ्या पायांवर पडला. गाईड मुलगी टाळ्या वाजवून "गुड फार्मर!" म्हणाली. ती सगळ्यांनाच म्हणत होती.

आत्या मात्र वाफ्याशी उकिडवी बसली होती. तिनं मूठभर माती उचलून दाबली. बोटांतून पाणी गळलं.

"अरे, याला सकाळपासून कितीजणांनी पाणी घातलंय?"

आमच्या आधी कोरियन मंडळींचा गट शिंपून गेला होता. आमच्या मागे ऑस्ट्रेलियन कुटुंब झाऱ्या घेऊन तयार उभं होतं. आत्यानं मावशींकडे बघून मुळाशी बोट नेलं आणि नाक मुरडून कुजल्याचा अभिनय केला. मावशी खुदकन हसल्या. त्यांनी आत्याचा दंड धरून तिला मागच्या बाजूला नेलं. तिथे तुळशीची भावंडं, पुदिना, कांद्याची पात, जांभळ्या पाठीची 'तिया तो'ची पानं, सगळं टवटवीत आणि रेषेत उभं. पायाखाली माती भुसभुशीत. खरी शेती तिथे होती. पुढचा वाफा आमच्यासारख्यांसाठी राखून ठेवला होता. मला त्यात मुळीच फसवणूक वाटली नाही. पाहुण्यांची लहान मुलं स्वयंपाकघरात लुडबुडायला लागली की त्यांच्या हातात पिठाचा एक गोळा द्यावाच लागतो.

मग भात. खाचरात शिरायच्या आधी रेड्यावर बसून फेरी मारायची असते. धनी एक सुरकुतलेले आजोबा, तोंडात सिगारेट. रेडा चांगलाच मुरलेला. तो आपण होऊन तीन पावलं चालायचा, नारळाच्या झाडापाशी थांबायचा आणि मान जरा उजवीकडे वळवायचा, कारण तिथून मागचं शेत आणि वरचा माणूस दोन्ही फोटोत येतात. फोटो झाला की न सांगता पुढे. मी वर चढू लागलो तशी आत्या बांधावरून ओरडली, "अरे, त्यावर कुणी बसतं का? ते कुणाचं वाहन आहे!" खाली चिखल आणि वर यमराजाची जागा, अशा अवस्थेत मी हसून फोटो काढून घेतला. त्या फोटोत रेडाच जास्त प्रसन्न दिसतो.

पुढे चिखलणी केलेल्या तुकड्यात आम्हाला गुडघ्यापर्यंत उतरवलं. आमच्याबरोबर एक जर्मन जोडपं होतं, दोघंही आमच्या दरवाजाला वाकून आत यावं लागेल इतके उंच. प्रत्येकाच्या हातात तरव्याची, म्हणजे भाताच्या रोपांची, एकेक जुडी. गाईड म्हणाली, "आता हवं तसं लावा, मजा करा!"

हवं तसं लावा म्हटल्यावर आत्याचा संयम संपला. तिनं साडी खोचली, उतरली आणि हातांनी ताणून दाखवत दोरी मागितली. गाईडला कळेना, पण आजोबांना लगेच कळलं. त्यांनी झोपडीतून नायलॉनची दोरी आणून दिली. आत्यानं वितीच्या मापानं तिच्यावर गाठी मारल्या, एक अंतर १५ सेंटिमीटरचं, एक २५चं, पुन्हा १५, पुन्हा २५. आपल्याकडे भातशेतीच्या चारसूत्री पद्धतीत अशी लावणी करतात आणि आत्यानं ती कृषी सहायकाकडून शिकून नंतर त्यालाच दुरुस्त्या सुचवल्या होत्या. दोरीचं एक टोक माझ्याकडे आलं, दुसरं चिरंजिवांकडे. त्यानं मोबाइल वाचवायला तो दातात धरला, त्यामुळे एरवी तो करतो ती तक्रार त्याला करता आली नाही.

"दोन-तीन काड्याच घे. चिमटीत धर. खोल पुरू नकोस, तरवा आहे तो, आंबा नव्हे!"

हे मराठीत होतं, पण जर्मन जोडप्यानं तंतोतंत पाळलं. मी वाकलो तो पुढचा बराच वेळ वाकलेलाच होतो. उठायचं तर कंबर ऐकत नव्हती आणि बसायचं तर खाली चिखल. शिवाय चिखलाला एक स्वभाव असतो. तो पाय घेताना प्रेमानं घेतो आणि सोडताना हिशोब मागतो. डावा पाय मिळवला तेव्हा उजवा गेला होता. जर्मन बाईंचा हात मात्र झरझर चालत होता. ओळ सरळ, काड्या मोजक्या. आत्या तिच्याकडे ज्या नजरेनं बघत होती, त्या नजरेनं तिनं माझ्याकडे माझ्या लग्नातही बघितलं नव्हतं.

तेवढ्यात पलीकडून मशीनचा आवाज आला. चौकशी केली तेव्हा गाईडनं सांगितलं की आसपासच्या खऱ्या शेतांत आता लावणी कुणी फारशी करत नाही. बी सरळ फोकून पेरतात, नांगरणीला ट्रॅक्टर आणि कापणीला मशीन. जगातल्या मोठ्या तांदूळ-निर्यातदारांतला हा देश. तिथे एकेक काडी वाकून कोण लावणार? ते काम उरलंय पाहुण्यांना. मी हे आत्याला मराठीत सांगितलं. ती कंबरेवर हात ठेवून त्या तुकड्याकडे बघत राहिली. तिच्या गावात लावणीला माणूस मिळत नाही. मजुरी द्या, दोन वेळचं जेवण द्या, आणायला रिक्षा पाठवा, तरी मिळत नाही. शेजारच्या दोन खाचरांत त्यापायी गवत वाढलंय. आणि इथे युरोपातून माणसं विमानाचं तिकीट काढून, वर रोख भरून तेच काम करायला रांगेत उभी. आत्याच्या डोक्यात काहीतरी हिशोब सुरू झाला होता.

अकराला आम्ही कुंभार झालो. थान हा हे थु बोन नदीकाठचं मातीकामाचं गाव, काही शतकं जुनं. इथली भांडी बिनझिलईची, भाजल्यावर तांबूस होणारी. इथलं फिरतं चाक दोन बायकांचं असतं. एक बाई एका पायावर उभी राहून दुसऱ्या पायानं चाकाला रेटे देते, दुसरी खाली बसून भांडं घडवते. दोघी बोलत नाहीत, एकमेकींकडे बघतही नाहीत, आणि भांडं वर येतं. आम्हा नवरा-बायकोला ही जोडी म्हणून बसवण्यात आलं. पाय माझा, हात हिचे. "हळू", "अरे हळू", "आता थांबलास कशाला", "मी थांब म्हटलं का" असा संवाद सुरू झाला आणि भांड्याचा गळा तो ऐकून एका बाजूला कलला. मग कुंभारीणबाईंनी नुसती दोन बोटं लावली. गळा सरळ. बोटं काढली, तशी आम्ही पुन्हा त्याला मार्गावर आणलं. शेवटी त्याची वाटी झाली, मग ताटली, आणि मग तो गोळा परत मूळच्या ढिगात गेला. भांडं वाळून भट्टीत जायला दिवस लागतात आणि आमचं विमान परवा होतं, त्यामुळे कुणाचीच अडचण झाली नाही.

बदल्यात प्रत्येकाला मातीची शिट्टी मिळते, जन्मवर्षाच्या प्राण्याच्या आकाराची. चिनी राशिचक्रातल्या बैलाच्या जागी व्हिएतनामी चक्रात म्हैस आहे आणि सशाच्या जागी मांजर. माझा जन्म मे १९७३चा. बाईंनी बोटांवर हिशोब करून माझ्या हातात रेडा ठेवला. मुलगा शिट्टी पाहून इतका हसला की मघाचे मोबाइलवरचे दातांचे व्रणही त्यानं माफ केले.

जेवण पाणीनारळीच्या, म्हणजे पाण्यात वाढणाऱ्या नारळासारख्या झाडांच्या, जंगलाशेजारी होतं, तेही आपलं आपण करायचं. तांदळाच्या पिठात हळद घालून तव्यावर 'बान्ह सेओ' टाकायचा आणि हवेत उडवून उलटायचा. आत्या म्हणाली, "घावन. उडवायचा कशाला, त्याला कालथा आहे ना?" तिनं कालथ्यानं उलटला, जाळीदार, न फाटता. माझा उडाला खरा, पण तव्यापेक्षा जर्मन गृहस्थांच्या जास्त जवळ उतरला.

अडचण निराळीच होती. त्या दिवशी गुरुवार, आणि आत्या गुरुवारी मासे खात नाही. कोळंबी बाजूला काढली, पण समोरच्या वाटीतला तो पातळ, सोनेरी रस म्हणजे 'नुक माम', मासे मिठात महिनोन् महिने मुरवून काढलेला. गाईडनं धावत जाऊन सोयाबीनची चटणी आणली. आत्या निश्चिंत झाली आणि पानांच्या टोपलीतलं एक हिरवं पान तोंडात टाकलं. टाकलं आणि तशीच थांबली. ते 'ज्यप का' नावाचं पान. शंभर टक्के वनस्पती, वास मात्र थेट मासळीबाजाराचा. आत्यानं ते थुंकलं नाही, गिळलंही नाही. दत्तगुरूंची क्षमा मागितली की गाईडची, ते कळलं नाही. शेवटी पाण्याबरोबर गेलं. "वास मोजत नाहीत," असा निर्णय तिनंच दिला आणि आणखी दोन पानं घेतली.

टोपलीच्या होडीबद्दल थोडक्यात सांगतो, कारण मला सविस्तर आठवत नाही आणि आठवायचंही नाही. बांबूची विणलेली गोल टोपली, तिला बाहेरून शेण आणि झाडाच्या राळेच्या तेलाचा लेप. फ्रेंच राजवटीत सरकार होड्यांवर कर घ्यायचं म्हणून कोळ्यांनी 'ही होडी नाहीच, टोपली आहे' असा युक्तिवाद केला, अशी गोष्ट गाईड सांगतात. हंपीला तुंगभद्रेवर ज्यांनी असली गोल नाव पाहिली आहे त्यांना ओळखीची वाटेल. फरक एवढाच की इथले नावाडी मोठ्यानं कोरियन गाणी लावून टोपली जागच्या जागी गरगर फिरवतात. पोटात ताजा घावन होता. नावाड्यानं हसून विचारलं, "मोअर?" मी नाही म्हणायला तोंड उघडलं आणि ताबडतोब मिटलं. आत्या पुढच्या टोपलीत ताठ बसून पाणीनारळीच्या पात्यांचा नाकतोडा विणायला शिकत होती.

संध्याकाळी हॉटेलवर गाईडनं मोबाइलवर अभिप्रायाचा फॉर्म पुढे केला. ही पाय चोळत होती, मी पाठ. आत्या म्हणाली, मी सांगते, तू लिही.

"पुढच्या वाफ्याला पाणी फार. मागचा वाफा उत्तम. रेडा हुशार. कुंभारीणबाई उत्तम. माझा भाचा वाकत नाही. पाच तारे द्या."

"आणखी काही सूचना?" गाईडनं विचारलं.

"त्या जर्मन बाईचा नंबर मिळेल का विचार. हात चांगला आहे तिचा. वीस जूननंतर चार दिवस आली तर दोन्ही खाचरं होतील. पैसे नकोत म्हणावं, तिच्याकडून मी घेणार नाही."