चेक परत आलाय? ‘तीन वर्षं मुदत’ हा मेसेज अर्धवट आहे

तासगाव भागातल्या बागायतदारांत एक मेसेज फिरतोय: “व्यापाऱ्याचा चेक बाऊन्स झाला तर घाबरू नका, तीन वर्षांत कधीही केस करा.” परवा मीही तो पुढे पाठवला. चूक माझी.

तीन वर्षं आहेत ती वसुलीच्या दिवाणी दाव्याला, १९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे. चेकची फौजदारी तक्रार निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट या वेगळ्या कायद्याच्या कलम १३८ खाली होते आणि तिथं दिवस मोजतात. चेक परत आल्याचं बँकेकडून कळल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस. ती पोचल्यापासून १५ दिवसांत पैसे आले नाहीत, तर पुढच्या महिन्याभरात कोर्टात तक्रार. तक्रारीचा उशीर सबळ कारण असेल तर कोर्ट माफ करू शकतं. नोटिशीच्या उशिराला ती सोय नाही. हां, चेकच्या तारखेपासून तीन महिने उलटले नसतील तर तो पुन्हा भरता येतो.

आमच्या चुलत्यांचा बेदाण्याचा चेक असाच परत आला. “आण्णा, सोमवारी नक्की,” असं व्यापारी सांगत राहिला आणि बँकेचा मेमो कॅलेंडरमागं खोचलेलाच राहिला. सांगलीच्या वकिलांनी आधी मेमोवरची तारीख बघितली आणि हे सगळं समजावलं. आता फक्त दिवाणी दावा उरलाय.

तो मेसेज कृपया पुढे पाठवू नका. ज्यांना पाठवलाय त्यांना हा पाठवा.