‘माझी आजी’चं नेपथ्य आणि फिरणारा मजकूर

‘माझी आजी’ (मूळ नाव ‘चेमी बेबिया’, 1929) या जॉर्जियन मूकपटाच्या फोटोंखाली एक मजकूर फिरतो: नेपथ्य ‘कॅलिगरी’ या जर्मन मूकपटावरून उचललेलं, डोकं सगळं दिग्दर्शकाचं, नेपथ्यकार इराक्ली गाम्रेकेली नुसते हुकमाचे ताबेदार, आणि चित्रपटावर बंदी आली तशी त्यांची कारकीर्दही आटोपली.

आधी उचलेगिरीचं बघू. ‘कॅलिगरी’ 1920 चा. त्यातले वाकडे रस्ते, तिरक्या भिंती, इतकंच काय काही सावल्यासुद्धा, रंगवलेल्या आहेत. का, तर ते भ्रमिष्टाच्या डोक्यातलं जग आहे. ‘माझी आजी’त कुणाचंही डोकं फिरलेलं नाही, फिरलंय ते ऑफिस. भल्यामोठ्या टेबलाभोवती साहेबलोक माश्या मारत बसलेले. त्यांतल्या एकाची नोकरी जाते आणि तो ‘आजी’ शोधत सुटतो. आजी म्हणजे वशिला! आपल्याकडे वशिल्याचा तट्टू असतो, तिकडे आजीचा नातू. मध्येच भाल्यासारखं एक अवाढव्य पेन येऊन साहेबाला भोसकतं. पेन माणसाएवढं झालं आणि माणूस टाचणीने टोचलेल्या कागदाएवढा. ही गंमत रंगवलेल्या पडद्यातून येत नाही, वस्तूंची मापं बिघडवण्यातून येते.

ही दृष्टी आयात करायची गरजही नव्हती. तिफ्लिसच्या (म्हणजे जॉर्जियाची राजधानी, आजचं तिबिलिसी) फ्युचरिस्ट मंडळींनी, म्हणजे जुनं मोडून यंत्रयुगाची नवी कला मांडणाऱ्यांनी, 1924 मध्ये ‘एच टू एस ओ फोर’ नावाचं मासिक काढलं होतं (हो, सल्फ्युरिक ॲसिडच!), त्याच्या सजावटीत गाम्रेकेलींचा हात होता. जर्मन चित्रपट त्यांनी पाहिलेच नसतील असं मी म्हणत नाही. पण पाहणं वेगळं, उचलणं वेगळं.

डोकं कुणाचं? चित्रपट दिग्दर्शक कोते मिकाबेरिद्झे यांचा, यात वाद नाही. पण नेपथ्याचं श्रेय गाम्रेकेलींबरोबर वालेरियान सिदामोन-एरिस्तावी यांनाही आहे आणि हे दोघेही रंगभूमीवर नाव कमावून आलेले. 1925 मध्ये नाट्यदिग्दर्शक मार्जानिश्विलींनी ‘हॅम्लेट’ केलं, त्याचं नेपथ्य गाम्रेकेलींचं. अशा माणसाला ‘इथे टेबल ठेव’ म्हणून सांगायला कुणी बोलावत नाही.

राहिली कारकीर्द. चित्रपट जवळजवळ पन्नास वर्षं दडपला गेला, हे खरं. नेपथ्यकाराचं मात्र तसं झालं नाही. तिफ्लिसच्या रुस्तावेली थिएटरात दिग्दर्शक सांद्रो अख्मेतेलींच्या ‘अंझोर’ या नाटकासाठी (1928) त्यांनी रंगमंचावर डोंगरी गाव उभं केलं होतं. एकाचं छप्पर ते वरच्याचं अंगण, अशी पायऱ्यापायऱ्यांची रचना. नट सपाटीवर नाचत नव्हते, गावावर चढत नाचत होते. 1930 मध्ये ते नाटक मॉस्कोला गेलं आणि गाजलं. 1933 मध्ये शिलरच्या ‘रॉबर्स’वरचा प्रयोग आला, त्याचंही नेपथ्य त्यांचंच. म्हणजे ज्या वर्षांत हा माणूस ‘संपला’ म्हणतात, त्याच वर्षांत तो तिफ्लिसच्या नामांकित थिएटरात होता.

घाला पडला तो 1937 मध्ये, अख्मेतेलींवर. त्यांना गोळ्या घातल्या गेल्या. तो चित्रपटावरच्या बंदीचा परिणाम नव्हता, स्टालिनच्या दहशतीचा होता. गाम्रेकेली 1943 मध्ये वारले, वयाची पन्नाशीही गाठायच्या आत. ‘माझी आजी’ तेव्हा अजून बंदीतच होती.