विटीदांडूचा सातबारा

काल संध्याकाळी डोंबिवलीत, स्टेशनजवळच्या एका कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात, माझ्याकडचा माल अस्सल आहे या एकाच कारणावरून मला चोर ठरवण्यात आलं. राग अजून उतरलेला नाही. ज्यांना घाई आहे त्यांनी थेट काकांपासून वाचायला सुरुवात करावी, आधीचा भाग तांत्रिक आहे.

घरी सोनीचं प्लेस्टेशन २ आहे, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचं जुनं मशीन (कन्सोल), आणि ते चालू आहे. पण नव्या टीव्हीला पिवळी, लाल आणि पांढरी पिन खुपसायला जागाच ठेवलेली नाही. मधे लावायचा कन्व्हर्टर मिळतो, तो आणला. चित्र येतं, फक्त पडद्यावरच्या प्रत्येकाला मोतीबिंदू झालेला असतो. म्हणून लॅपटॉपवर एम्युलेटर टाकायचं ठरवलं. एम्युलेटर म्हणजे लॅपटॉपने प्लेस्टेशनचं सोंग घ्यायचं. पीसीएसएक्स२ नावाचा एम्युलेटर फुकट मिळतो, उत्तम आहे, त्याच्याबद्दल माझी काडीची तक्रार नाही. उघडल्यावर तो पहिल्यांदा बायोस मागतो.

बायोस म्हणजे कन्सोल चालू केल्या केल्या आत जो जागा होतो तो प्रोग्रॅम. आकार जेमतेम ४ एमबी. पण त्याचा कॉपीराइट सोनीचा, त्यामुळे एम्युलेटरवाले तो सोबत देत नाहीत. तुमच्या मशीनमधून तुम्हीच काढून आणा म्हणतात. त्यांचंही बरोबर आहे, या धंद्यात कोर्टकचेऱ्या फार. १९९९ साली कनेक्टिक्स नावाच्या अमेरिकन कंपनीने मॅक कॉम्प्युटरवर पहिल्या प्लेस्टेशनचे गेम चालवणारं सॉफ्टवेअर आणलं. सोनीने तिला कोर्टात खेचलं. २००० साली अपील कोर्टाने कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला: आत काय चालतं हे समजून घेऊन स्वतःचं सॉफ्टवेअर लिहिलं तर चालतं. मग २००१ मध्ये सोनीने ते सॉफ्टवेअरच विकत घेतलं आणि बंद करून टाकलं. कोर्टात हरल्यावर काय करायचं, याचा हा एक मार्ग. परवडणाऱ्यांसाठी.

तर बायोस काढायचा. त्यासाठी फ्री मॅकबूट (कन्सोलवर बाहेरचे प्रोग्रॅम चालू करून देणारं सॉफ्टवेअर) टाकलेलं मेमरी कार्ड कन्सोलला लावायचं, पेन ड्राइव्ह कन्सोलला वाचता येईल अशा फॅट३२ प्रकारात फॉरमॅट करून त्यावर बायोस उपसणारा छोटा प्रोग्रॅम ठेवायचा, आणि कन्सोलच्या जुन्या, संथ यूएसबी १.१ मधून ते ४ एमबी बाहेर यायची वाट बघायची. त्याच मोतीबिंदूतून मेन्यू वाचत मी हे सगळं पार पाडलं. स्वतःचं घर, स्वतःचं मशीन, आणि तरी खिडकीचे पडदे ओढून घ्यावेसे वाटले.

उरली गेमची डिस्क. लॅपटॉपला डिस्क घालायची सोयच नाही. हल्ली नसतेच.

आता आमच्याकडे अस्सल डिस्क कशी, हा प्रश्न ज्यांना पडला असेल ते माझ्याच पिढीचे. ओळखीत ज्यांच्या ज्यांच्याकडे पीएस२ होता, त्या सगळ्यांच्या मशीनमध्ये चिप मारलेली. चिप मारली की फुटपाथवरच्या पन्नास-शंभर रुपयांच्या डिस्क चालायच्या. आमचं मशीन दादाने पहिल्या पगारातून घेतलेलं. चिप मारली तर वॉरंटी जाईल म्हणून त्याने ठाम नकार दिला. यथावकाश वॉरंटी संपली, नकार संपला नाही. त्यामुळे आमच्या नशिबी अस्सल, आणि अस्सलमध्ये जे स्वस्त असेल तेच. २००९ मध्ये भारतात बनलेले दोन गेम बाजारात आले, दोन्ही हैदराबादचे: एक ‘हनुमान: बॉय वॉरियर’, दुसरा ‘देसी अड्डा’. मित्र अमेरिकेतल्या शहरांतून चोरलेल्या गाड्या पळवत असत, तेव्हा आम्ही दोघे भाऊ पडद्यावर कबड्डी खेळत होतो, पतंग उडवत होतो आणि विटीदांडू खेळत होतो. त्यातून आपला देश पाल नावाच्या टीव्ही पद्धतीचा. टीव्ही ५० हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला ५० वेळा चित्र ताजं करणारा, जपान-अमेरिकेत ६०. ज्या गेममध्ये ही तफावत सांभाळलेली नसे, तो आपल्याकडे सहाव्या हिश्शाने संथ चाले. म्हणजे माझ्या तरुणपणाचा काही भाग अधिकृतपणे स्लो मोशनमध्ये गेला आहे, आणि त्या वेगातसुद्धा मी दादाकडून हरत होतो.

असो. ‘देसी अड्डा’ची डिस्क घेऊन दुकानात गेलो. काउंटरवर एक पोरगा. मागे भिंतीवर ‘पायरेटेड सॉफ्टवेअर मिळणार नाही’ असा बोर्ड. बोर्डाच्या बरोबर खाली खिळ्याला टांगलेले पेन ड्राइव्ह, त्यांवर स्टिकर: ‘५०० गेम्स’.

“ही डिस्क कॉपी करून पेन ड्राइव्हवर पाहिजे,” मी म्हणालो.

त्याने डिस्क ट्यूबलाइटकडे धरली. उलटी केली, सुलटी केली. “सर, ही ओरिजिनल आहे.”

“हो.”

“ओरिजिनलची कॉपी नाही करत आपण. पायरसी होते.”

“अरे, माझीच आहे. विकत घेतलेली.”

“तेच ना सर. डुप्लिकेट असती तर लगेच करून दिली असती.”

हे वाक्य मी मनात सगळ्या बाजूंनी फिरवून पाहिलं. कुठूनच आत शिरता येईना.

“आणि हे पाचशे गेम?”

“ते ऑलरेडी कॉपी आहेत. सहाशेला आहे, तुम्हाला पाचशेला देतो.”

“त्यात विटीदांडू आहे का?”

“त्यात सगळे फायटिंगचे आहेत सर.”

“मालकीचा काय पुरावा आहे तुमच्याकडे?”

हा आवाज शेजारच्या प्लॅस्टिकच्या खुर्चीतून आला. नोव्हेंबर असल्यामुळे दुकानात हयातीच्या दाखल्यांचंही काम जोरात होतं. खुर्चीतले काका पेन्शनर. त्यांचा अंगठा ठशाच्या मशीनवर होता आणि मशीन त्यांना ओळख द्यायला तयार नव्हतं. पोरगा मधूनमधून “काका, पुसून लावा” म्हणे, काका अंगठा शर्टाला पुसून पुन्हा टेकवत, आणि उरलेलं सगळं लक्ष माझ्याकडे. नोकरी नोंदणी खात्यात झाली, हे त्यांनी कुणी न विचारता सांगितलं.

“बिल आहे,” मी जरा ताठ होत म्हणालो. खरंच होतं. दादाने ते डिस्कच्या डब्यातच घडी घालून ठेवलं होतं. काकांनी मोकळ्या हाताने चष्मा कपाळावर सारला आणि बिल नाकाजवळ धरलं.

“हे नाव तुमचं?”

“मोठ्या भावाचं.”

“भाऊ हयात आहेत?”

“पुण्यात असतात.”

“म्हणजे आहेत. मग वारसनोंदीचा प्रश्न मिटला. बक्षीसपत्र केलंय तुमच्या नावे?”

“काका, गेम आहे हो तो. साधा गेम.”

“किंमत किती हा प्रश्न स्टॅम्प ड्युटीचा. मी हक्काचं विचारतोय.”

इथे मी शस्त्र काढलं. कॉपीराइट कायदा १९५७, कलम ५२. संगणक प्रोग्रॅमची प्रत ज्याच्या कायदेशीर ताब्यात आहे, त्याने ती हरवू नये, खराब होऊ नये म्हणून बॅकअप घेतला तर ते उल्लंघन ठरत नाही. हे मी फोनवर काढूनच ठेवलं होतं. कधीतरी कुणीतरी विचारेल या आशेने. काकांनी फोन घेतला, अक्षरं मोठी करून मागितली आणि दोनदा वाचलं. त्यांचा चेहरा खुलला.

“बघा, ताबा म्हणतोय. मालकी नाही म्हणत. ताबा तुमचा, मालकी भावाची. म्हणजे तुम्ही कूळ झालात.”

“कूळ?”

“कसता तुम्ही, नावावर त्यांच्या. किती वर्षं खेळताय?”

“कॉलेजपासून.”

“बारा वर्षं उलटली असतील?”

“केव्हाच.”

“भावाने कधी हरकत घेतली?”

दादाने एकदा मला कंट्रोलर फेकून मारला होता. मी ते प्रामाणिकपणे सांगितलं. ती हरकत धरायची की नाही, याचा काकांनी डोळे मिटून विचार केला. “लेखी नाही ना? मग नाही धरता येत. विनातक्रार ताबा आहे तुमचा. ही स्थावर असती ना, तर अ‍ॅडव्हर्स पझेशन लावलं असतं आपण.” डिस्क जंगम निघाली याचं त्यांना मनापासून वाईट वाटलेलं दिसलं.

“आणि कूळकायद्यात नाही का बसत?” मी विचारलं. का विचारलं ते मला विचारू नका.

“त्याला १ एप्रिल १९५७ रोजी तुम्ही प्रत्यक्ष कसत असायला पाहिजे होतात. म्हणजे खेळत.” काका थांबले. “हा तुमचा कॉपीराइटचा कायदा पण सत्तावन्नचाच? बघा, सगळं त्याच साली झालं. तुम्ही नव्हतात.”

“काका, पुसून लावा,” पोरगा म्हणाला.

माझ्या मागे एक बाई झेरॉक्ससाठी आधार कार्ड धरून उभ्या होत्या. त्यांनीही मान हलवली, मी १९५७ साली नव्हतो हे खरोखरच गैर झालं अशी.

“पण गेम कसला आहे एवढा?” काकांनी विचारलं.

“विटीदांडू.”

दुकानात क्षणभर फक्त पंख्याचा आवाज.

“विटीदांडू खेळायला कॉम्प्युटर?” काका म्हणाले. “अहो, तो मैदानात खेळतात.”

“कुठल्या मैदानात?”

काका बोलायला गेले आणि त्यांनी तोंड मिटलं. मग मीच बोललो, आणि जरा जास्तच बोललो. आमच्या सोसायटीच्या पटांगणात पिवळे पट्टे मारून गाड्यांचे नंबर घातलेत. मुलांनी बॉल काढला की वॉचमन शिट्टी मारतो. जवळचं मैदान आहे, तिथे पैसे भरून क्रिकेटचं कोचिंग चालतं आणि उरलेल्या संध्याकाळी लग्नाचा मंडप. विटी उडवून कुणाच्या एसयूव्हीच्या काचेवर गेली तर माझं काय होईल, ते कूळकायद्यात पण नसेल. या खेळाला लागते फक्त एक गल (माती उकरून केलेली, वीतभर), आणि डोंबिवलीत वीतभर माती दाखवा मला. सगळीकडे पेव्हर ब्लॉक.

“आमच्याकडेही गाड्याच लागतात,” काका हळूच म्हणाले. “दोन आमच्याच आहेत.”

तेवढ्यात मशीन वाजलं. “झालं काका,” पोरगा म्हणाला, “तुम्ही आहात.”

काकांनी हयातीचा कागद घेतला, नीट तपासला, स्पेलिंगसकट. पुरावा हाती आल्यावर त्यांचा आवाजच बदलला. जाता जाता पोराला म्हणाले, “दे रे यांना कॉपी करून. फक्त भावाचं संमतीपत्र घे. स्टॅम्पवर.”

“शंभरच्या?” पोराने विचारलं. चेष्टेने नव्हे.

“शंभरचे बंद झाले. आता पाचशेचा.”

म्हणजे हिशेब असा: पाचशे रुपयांत चोरीचे पाचशे गेम, पेन ड्राइव्हसकट, पिशवीत घालून. किंवा पाचशेच्या स्टॅम्पवर एक, जो आधीच माझा आहे. माफ करा, माझ्या ताब्यात आहे.

मी डिस्क घेऊन बाहेर पडलो, दुसऱ्या दुकानातून दीड हजाराचा यूएसबी डीव्हीडी ड्राइव्ह घेतला आणि रिक्षात बसून मनातल्या मनात पोराला जी उत्तरं दिली ती इथे छापण्यासारखी नाहीत. राग पोराचाही नाही खरा. त्याच्या दुकानात पोलीस आले तर ते अस्सल डिस्क बघूनच संशय घेतील, हे त्याला पक्कं माहीत आहे. राग याचा, की ज्याने पैसे मोजले त्यालाच सगळीकडे दारावर थांबवतात. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात ६५अ कलम आलं: हक्कांचं उल्लंघन करण्याच्या हेतूने डिजिटल कुलूप तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद. हेतू! माझा हेतू विटी उडवण्याचा. तो सिद्ध करायला साक्षीदार कुठून आणू? आणि हे तरी डिस्कवाल्यांचं. ज्यांनी गेम नुसते डाउनलोड करून घेतले, त्यांच्याकडे कॉपी करायला डिस्कही नाही. निन्टेन्डोने मार्च २०२३ मध्ये थ्रीडीएस आणि वी यू या कन्सोलची ऑनलाइन दुकानं बंद केली. फक्त तिथेच मिळणारे काही गेम आता पैसे घेऊन गेलात तरी मिळत नाहीत. यांना बिलही नको, पैसेही नकोत, तरी आपण मात्र चोर.

रात्री ड्राइव्ह जोडला. डिस्कवर चरे. ड्राइव्ह मधेच घरघरत थांबायचा, पुन्हा वेग घ्यायचा, आणि प्रत्येक थांब्याला माझ्या पोटात गोळा. अखेर आयएसओ फाइल, म्हणजे अख्ख्या डिस्कची एका फाइलमधली नक्कल, तयार झाली. एम्युलेटरला दाखवली. काळ्या पडद्यावर मेन्यू आला, स्वच्छ, मोतीबिंदू उतरलेला. मग लक्षात आलं की कीबोर्डवर विटी उडवायला एका हाताने दोन बटणं आणि दुसऱ्याने तिसरं एकाच वेळी लागतं, आणि मध्यरात्री बटणं जुळवत बसलो. विटी उडाली. गेम आता पाहिला तर फारसा बरा नाही, हे सांगायला हवं. दांडूचा आणि विटीचा संबंध बराचसा श्रद्धेवर आहे.

सकाळी दादाला स्क्रीनशॉट पाठवला, आणि काकांची अख्खी हकीकत, बक्षीसपत्र, कूळ, अ‍ॅडव्हर्स पझेशनसकट. हसेल म्हणून.

दादाचं उत्तर आलं: “बिल माझ्या नावावर आहे ना? मग फाइल मला पाठव आणि तुझ्याकडची डिलीट कर.”

त्यापाठोपाठ दुसरं: “आणि कंट्रोलर फेकला तेव्हा मी तोंडी पण हरकत घेतली होती. आई साक्षीदार आहे.”

मी उत्तर दिलेलं नाही. पण निळ्या टिका गेल्यात, आणि तो आत्ता परत काहीतरी टाइप करतोय.