रणगाडे मोजून युद्ध कळत नाही: एका फॉरवर्डचा पंचनामा

सीमेवर जरा कुठे खुट्ट झालं की व्हॉट्सअ‍ॅपवर एक संदेश हमखास फिरायला लागतो. वर ओळीने उभ्या रणगाड्यांचा फोटो, खाली इतिहासाचा धडा. मजकूर थोडाफार बदलतो, गाभा तोच: १९४० साली जर्मनीकडे फ्रान्सपेक्षा जास्त रणगाडे होते आणि ते जास्त भारी होते. फ्रान्सने सगळा पैसा मॅजिनो रेषेच्या, म्हणजे जर्मन सीमेवरच्या तटबंदीच्या, सिमेंटात ओतला. जे थोडेफार रणगाडे होते ते पायदळात वाटून टाकले, एकत्र वापरायचं त्यांना सुचलंच नाही. जर्मनांनी निव्वळ रणगाड्यांच्या डिव्हिजन (हजारो सैनिकांच्या मोठ्या तुकड्या) उभ्या केल्या आणि सहा आठवड्यांत फ्रान्स गुडघ्यावर आणला. सबब, ज्याचे रणगाडे जास्त त्याची सरशी. आणि मग शेवटी भारत-पाकिस्तानच्या रणगाड्यांचा तक्ता.

एकेक मुद्दा घेऊ.

“जर्मनीकडे रणगाडे जास्त होते.” नव्हते. १० मे १९४० रोजी पश्चिम आघाडीवर जर्मनांच्या दहा पँझर (म्हणजे चिलखती) डिव्हिजनांकडे मिळून अडीच हजारांच्या आसपास रणगाडे होते. एकट्या फ्रान्सकडे त्या आघाडीवर तीन हजारांवर होते, आणि ब्रिटिशांचे वेगळे. मॅजिनो रेषेचंही इथेच उरकून टाकतो. फ्रान्सने १९३६ मध्ये १४ अब्ज फ्रँकचा शस्त्रसज्जतेचा कार्यक्रम मंजूर केला आणि त्यातून रणगाडे बनले. सिमेंटापायी कारखाने उपाशी राहिले असं काही झालं नाही.

“जर्मन रणगाडे जास्त भारी होते.” हे तर साफच उलटं आहे. जर्मन ताफ्यात निम्म्याहून जास्त पँझर १ आणि पँझर २ होते. पँझर १ म्हणजे दोन माणसं, दोन मशीनगन आणि १३ मिलिमीटरचं चिलखत. तो मुळात बनवला होता प्रशिक्षणाला. पँझर २ वर २० मिलिमीटरची तोफ. ज्यांच्या जोरावर लढाई करावी असे पँझर ३ आणि ४ मिळून सहाशेच्या थोडे वर. उरलेली बाजू चेकोस्लोव्हाकिया गिळल्यावर हाती लागलेल्या चेक रणगाड्यांनी सांभाळली. समोर फ्रेंचांचा ‘शार बी-१ बिस’: वजन तीस टनांवर, चिलखत ६० मिलिमीटर, पुढे ७५ मिलिमीटरची तोफ, वरच्या घुमत्या बुरुजात ४७ मिलिमीटरची. १६ मे रोजी स्तोन नावाच्या गावात कॅप्टन पिएर बियोतचा असा एक रणगाडा गल्लीत घुसला, जर्मनांचे १३ रणगाडे निकामी केले आणि बाहेर पडला. त्याच्या अंगावर १४० आघातांच्या खुणा मोजल्या गेल्या. एकही गोळा आत शिरला नव्हता.

मग घोडं अडलं कुठे? त्याच रणगाड्याच्या बुरुजात डोकावलं की थोडं कळतं. आत एकच माणूस बसायचा. बाहेर बघायचं त्यानेच, तोफेत गोळा भरायचा त्यानेच, नेम धरायचा त्यानेच, चालकाला हुकूम द्यायचे त्यानेच, आणि तो तुकडीप्रमुख असेल तर बाकीच्या रणगाड्यांना काय करायचं हेही त्यानेच सांगायचं. ज्या एसटीत ड्रायव्हरनेच तिकिटं फाडायची आणि फाट्यावर कोणाला उतरायचंय तेही विचारायचं, ती गाडी वेळेवर पोचेल का? सोमुआ एस-३५ हा उत्तम फ्रेंच रणगाडा, पण त्याची गतही तीच. पायदळाला दिलेल्या रेनो आर-३५ पैकी बहुतेकांत रेडिओच नव्हता, इशारे झेंड्यांनी. पँझर ३ मध्ये पाच माणसं होती. त्यातली तिघं बुरुजात: एक गोळा भरणार, एक नेम धरणार, आणि कमांडर फक्त बघणार आणि बोलणार. रेडिओवर वेगळा माणूस. तोफ फ्रेंचांपेक्षा हलकी, चिलखत पातळ, पण दहा रणगाड्यांना एकदम डावीकडे वळवायचं तर तो वळवू शकत होता.

आता तिसरा मुद्दा. “एकत्र वापरायचं फ्रेंचांना सुचलंच नाही, त्यांनी रणगाडे वाटून टाकले.” हा मुद्दा नुसत्या फॉरवर्डवाल्यांचा नाही, जाणकारही तो मान डोलावून सांगतात. अर्धा खराही आहे. हलक्या रणगाड्यांच्या पंचवीसेक सुट्या बटालियन, प्रत्येकी ४५ रणगाडे, फ्रेंचांनी खरोखरच पायदळाच्या सैन्यांना वाटल्या होत्या. पण उरलेलं अर्धं कोणी सांगत नाही. फ्रेंच घोडदळाने यांत्रिक डिव्हिजन उभी करायला सुरुवात केली ती जर्मनांच्या पहिल्या तीन पँझर डिव्हिजन १९३५ च्या ऑक्टोबरात उभ्या राहण्याआधी. १९४० च्या मे महिन्यात फ्रान्सकडे अशा तीन ‘हलक्या यांत्रिक’ डिव्हिजन होत्या, आणि शिवाय चार ‘राखीव चिलखती’ डिव्हिजन. म्हणजे मोठ्या चिलखती डिव्हिजन सात. सुचलं नव्हतं म्हणणं अन्याय आहे.

गंमत अशी की या दोन फ्रेंच प्रकारांची कामगिरी एकसारखी नाही, आणि सगळी मेख तिथेच आहे.

घोडदळाच्या डिव्हिजनमध्ये रणगाड्यांबरोबर गाड्यांतून जाणाऱ्या पायदळाच्या तीन बटालियन होत्या, स्वतःचा तोफखाना होता, टेहळणी होती. १२ ते १४ मे दरम्यान बेल्जियमच्या आन्यू गावाभोवती जनरल प्रियूच्या अशा दोन डिव्हिजन जर्मनांच्या दोन पँझर डिव्हिजनांना भिडल्या. रणगाड्यांची तोवरची सर्वांत मोठी लढाई ती. जर्मनांचे दीडशेच्या वर रणगाडे बंद पडले, फ्रेंचांचे शंभरेक. मागे फ्रेंच पहिल्या सैन्याला मोर्चे बांधायला हवा होता तेवढा वेळ मिळाला. प्रियूने सोपवलेलं काम केलं आणि मग माघार घेतली. मैदान जर्मनांकडे राहिलं, म्हणून त्यांचे बरेचसे रणगाडे दुरुस्त होऊन परत उभे राहिले. फ्रेंचांचे तिथेच गेले. पण या लढाईला पराभव म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

आता राखीव चिलखती डिव्हिजन घ्या. कागदावर जबरदस्त: शार बी-१ च्या दोन बटालियन, हॉचकिस या हलक्या रणगाड्यांच्या दोन, मिळून दीडशेच्या वर रणगाडे. आणि पायदळ किती? एक बटालियन. टेहळणीची बोंब, इंजिनिअर जेमतेम. पहिल्या दोन डिव्हिजन उभ्या राहिल्या १९४० च्या जानेवारीत, तिसरी मार्चमध्ये, चौथी तर लढाई सुरू झाल्यावर. कल्पना अशी होती की तयार मोर्च्यावर हिला आणायचं, एक ठोसा मारायचा, परत न्यायचं. चार दिवस स्वतःच्या पायांवर फिरत राहण्याची तिची रचनाच नव्हती.

पहिल्या डिव्हिजनचं काय झालं ते बघा. १५ मेची सकाळ, फ्लाव्हियों गावाजवळचं शेत. शार बी-१ पेट्रोल पिण्यात राक्षस, आदल्या दिवसाच्या हालचालीत टाक्या कोरड्या पडलेल्या. पेट्रोलच्या गाड्या ताफ्याच्या अगदी शेवटी ठेवलेल्या, आणि रस्त्यावर निर्वासितांची गर्दी. रणगाडे इंधनाची वाट बघत उभे असतानाच जर्मन जनरल रोमेलची सातवी पँझर डिव्हिजन येऊन धडकली. थोडा वेळ लढून रोमेलने ते काम मागून येणाऱ्या पाचव्या पँझरवर सोपवलं आणि तो पश्चिमेला निघूनही गेला. दिवस मावळेपर्यंत फ्रेंच डिव्हिजनचे मूठभर रणगाडे उरले. जर्मनांची पेट्रोलची सोय कशी होती? २० लिटरचे पत्र्याचे डबे, ट्रक भरभरून, रणगाड्यांच्या मागोमाग. आपल्याकडे आजही जीपच्या मागे लटकतो तोच जेरी कॅन.

दुसरी डिव्हिजन लढाईआधीच फुटली. रणगाडे रेल्वेने पाठवले, चाकांच्या गाड्या रस्त्याने, आणि दोघांच्या मधून जर्मन निघून गेले. तिसरी म्यूज नदीवरच्या सेदान या फ्रेंच गावाच्या दक्षिणेला वेळेत पोचली होती. १४ मेच्या संध्याकाळी तिने प्रतिहल्ला करायचा होता. जनरल फ्लाविन्यीने तो रद्द केला आणि डिव्हिजन वीसेक किलोमीटरवर पसरून दिली, प्रत्येक वाटेवर बूच मारल्यासारखी: एक शार बी, दोन हॉचकिस. डिव्हिजन म्हणून उभी केलेली, आणि संध्याकाळच्या एका हुकमाने पुन्हा सुटे रणगाडे. चौथी होती कर्नल द गॉलकडे. तिच्या तुकड्या अजून येत होत्या तेव्हाच, १७ मेला, त्याने मोंकोर्नेवर हल्ला केला. धाडस मोठं, पण सोबत पुरेसं पायदळ नाही आणि वर विमानांचं छत्र नाही. संध्याकाळी परत.

तेव्हा रणगाडे एकत्र होते की विखुरलेले, एवढाच प्रश्न नव्हता. एका कमांडरच्या हाताखाली रणगाड्यांबरोबर आणखी कोण होतं, आणि ते सगळे त्याच वेगाने चालू शकत होते का, हा होता.

“जर्मनांच्या डिव्हिजन म्हणजे निव्वळ रणगाडे.” इथे मला हसू येतं, कारण सगळ्यात गाजलेला प्रसंगच या वाक्याच्या विरोधात साक्ष देतो. १३ मे, सेदान, म्यूज नदी. दिवसभर जर्मन विमानांनी फ्रेंच किनारा भाजून काढला. दुपारी नदी ओलांडली ती रबरी होड्यांतून, पायदळाने आणि इंजिनिअर सैनिकांनी. दहाव्या पँझर डिव्हिजनचा वाल्टर रूबार्थ हा साधा हवालदार दर्जाचा इंजिनिअर. मूठभर माणसं घेऊन तो पलीकडे गेला आणि स्फोटकांनी एकामागून एक बंकर उडवत सुटला. मागे इंजिनिअरांनी रातोरात तराफ्यांचा पूल बांधला. त्यावरून रणगाडे पलीकडे गेले ते १४ तारखेला. आणि १३ च्या संध्याकाळीच बुल्सों गावाच्या बाजूला “रणगाडे आले” अशी बोंब उठून फ्रेंच ५५ व्या डिव्हिजनच्या तोफखान्याने पळ काढला होता. तोवर एकही जर्मन रणगाडा नदीच्या त्या काठावर नव्हता.

या हल्ल्याच्या पोटात काय होतं, हे सेदानवर चालून आलेल्या जनरल क्लाइस्टच्या पँझर गटाच्या आकड्यांत दिसतं: ४१ हजारांवर वाहनं आणि त्यात रणगाडे १,२२२. बाकी सगळे ट्रक, मोटारसायकली, तोफा ओढणारे ट्रॅक्टर, दुरुस्तीच्या गाड्या, पुलाचं सामान, रेडिओ गाड्या. फोटो मात्र रणगाड्यांचेच निघतात.

उरला निष्कर्ष: “रणगाडे जास्त तर सरशी.” तो युद्धात भाग घेतलेल्यांनीच एकेक करून मोडीत काढला. फ्रान्स जिंकल्यावर हिटलरला डिव्हिजनांचा आकडा वाढलेला हवा होता. त्या जवळपास दुप्पट झाल्या, कारण ज्यांच्याकडे दोन रणगाडा रेजिमेंट होत्या त्यांच्यातली एकेक काढून घेतली. खरं तर पायदळ आणि रणगाडे यांचं प्रमाण त्यामुळे काहीसं सुधारलंच, अशी बाजू मांडता येते. पण नव्या डिव्हिजनांना ट्रक लागले, ते जप्त केलेल्या फ्रेंच गाड्यांनी भागवले, आणि रशियाच्या धुळीत इतक्या बनावटींचे सुटे भाग कोण पुरवणार?

समोर रशियाची यांत्रिक कोअर, म्हणजे डिव्हिजनपेक्षा मोठी तुकडी: मंजूर बळ १,०३१ रणगाडे आणि ३६ हजार माणसं. फॉरवर्डच्या हिशोबाने अजिंक्य. प्रत्यक्षात बहुतेक कोअरकडे पेट्रोलचे टँकर, दुरुस्तीच्या गाड्या आणि रेडिओ अपुरे. १९४१ च्या जूनमध्ये रियाबिशेवच्या आठव्या कोअरला उलटसुलट हुकमांनी इतकं फिरवलं की लढाईला तोंड लागण्याआधीच तिचे निम्म्याच्या आसपास रणगाडे रस्त्यात बंद पडले होते. जुलैच्या मध्याला स्तावकाने, म्हणजे रशियन सरसेनामुख्यालयाने, या कोअर मोडायचा हुकूम काढला. १९४२ च्या वसंतात रशियनांनी नवी टँक कोअर बांधली: शे-दीडशे रणगाडे, तीन टँक ब्रिगेड आणि त्यांच्या जोडीला एक मोटार रायफल ब्रिगेड. नंतर यश दिलं ते हिनेच. अमेरिकेकडे तर कारखाने रणगाडे ओकत होते. तरी १९४३ मध्ये त्यांनी बहुतेक चिलखती डिव्हिजनांमधले रणगाडे साधारण ३९० वरून २६० वर आणले. तीन बटालियन रणगाडे, तीन चिलखती पायदळ, तीन तोफखाना. मुबलक असताना कमी केले, हे लक्षात घ्या.

तक्त्याच्या हौशी मंडळींसाठी घरचं उदाहरणही आहे. सप्टेंबर १९६५, खेमकरण. पाकिस्तानची पहिली चिलखती डिव्हिजन अमेरिकी पॅटन रणगाडे घेऊन उतरली. आपल्याकडे दुसरी स्वतंत्र चिलखती ब्रिगेड: थर्ड कॅव्हलरीचे सेंच्युरियन, डेक्कन हॉर्सचे दुसऱ्या महायुद्धातले शर्मन आणि एट्थ कॅव्हलरीचे हलके एएमएक्स. आपल्या रेजिमेंटमध्ये ४५ रणगाडे धरतात, म्हणजे तिन्ही पूर्ण भरल्या तरी १३५. पण ब्रिगेडिअर थिओगराज यांचे हे रणगाडे चौथ्या माउंटन डिव्हिजनच्या पायदळाशी आणि तोफखान्याशी बांधलेले होते. असल उत्तर गावाभोवती घोड्याच्या नालेच्या आकाराचा मोर्चा, कालवे फोडून चिखल केलेली शेतं, उसात दडलेले सेंच्युरियन, जीपवर बसवलेल्या १०६ मिलिमीटरच्या तोफा. त्यातल्याच एकीवर अब्दुल हमीद. भारतीय हिशोबाप्रमाणे पाकिस्तानने तिथे ९७ रणगाडे गमावले, काही तर चालू स्थितीत सोडून दिलेले. पॅटन चांगलाच रणगाडा होता. त्याच्याबरोबर चिखलात उतरून उसाचा एकेक पट्टा साफ करत पुढे जाईल एवढं पायदळ त्या डिव्हिजनने पुढे आणलंच नाही.