डोडो गेला म्हणून तांबालाकोक उगवेना? नाही

तांबालाकोक हे मॉरिशसच्या पावसाळी जंगलातलं झाड, आपल्या चिकू-बकुळीच्या कुळातलं. त्याची फिरणारी गोष्ट अशी: बी डोडो या पक्ष्याच्या पोटातून गेल्याशिवाय रुजत नाही; सतराव्या शतकात डोडो संपला, तेव्हापासून एकही रोप आलं नाही; १९७७ साली तीनशे वर्षांपुढची फक्त १३ झाडं उरली होती आणि टर्की पक्ष्यांनी ती जात वाचवली. सांगणाऱ्याला झाडाची कळकळच असते, म्हणून तर हे लिहावंसं वाटलं.

डोडोशिवाय बी रुजत नाही, हे मुळात चूक. उकिरड्यावर टाकलेली आंब्याची कोय पावसात आपसूक कडेनं उकलते, तांबूस कोंब डोकावतो. कुणी ती गिळलेली नसते. तांबालाकोकचं कवच कोयीहून कितीतरी जाड आणि टणक, पण त्यालाही उपजत सांधा असतो. आतला गर्भ जोर करू लागला की कवचाचा तुकडा झाकणासारखा सुटतो. लंडनच्या क्यू वनस्पती उद्यानाचे आर्थर हिल यांनी हे १९४१ सालीच लिहून ठेवलं आहे.

टर्कीचा प्रयोग अमेरिकी पक्षितज्ज्ञ स्टॅन्ली टेंपल यांचा. टर्कींना चारलेल्या १७ बियांपैकी ७ चिरडल्या, १० बाहेर आल्या, त्यातल्या ३ रुजल्या. पण न चारलेल्या बिया शेजारी लावल्याच नव्हत्या. नवं खत वापरून बघणारा शेतकरीही चार ओळी बिनखताच्या ठेवतो! मॉरिशसच्या वनखात्यानं तर टर्कीविना रोपं वाढवली होती.

वयाचं म्हणाल तर या झाडाच्या खोडात वर्षावलयं नसतात, मग तीनशे वर्षं मोजली कशी? १९४१ च्या पाहणीत शंभरीच्या आतली बरीच झाडं दिसली होती. वनखात्याच्या ओवाडली यांनी १९७९ मध्ये हे सगळं मांडलं.

झाड दुर्मीळ आहे, हे मात्र खरं. उसासाठी जंगल तुटलं. त्याच उसाच्या मळ्यांत आपल्याकडची मराठी माणसं गिरमिटावर, म्हणजे मजुरीच्या करारावर, राबली. चांगलं मूळ जंगल आता बेटाच्या दोन टक्क्यांहूनही कमी आहे. त्यातही बाहेरून आणलेल्या चिनी पेरूची इतकी दाट जाळी माजते की खाली रोपाला ऊन मिळत नाही. माकडं कच्ची फळं तोडतात. डुकरं, उंदीर उरलेलं फस्त करतात. डोडोची गोष्ट यातलं काहीच सांगत नाही. मेलेल्या पक्ष्यावर सगळं ढकललं की जिवंत माणसांना करण्यासारखं काही उरत नाही, याचाच मला राग येतो.

करण्यासारखं आहे. ब्लॅक रिव्हर गॉर्जेस राष्ट्रीय उद्यानात जंगलाचे काही तुकडे कुंपण घालून राखले आहेत आणि तिथला पेरू माणसं काढतात. तो पुन्हा फुटतो, पुन्हा काढावा लागतो. पुढच्या वेळी मुलांना ही गोष्ट सांगाल, तेव्हा या माणसांबद्दल सांगा.