ओल्या भिंतीवर 'अँटी-फंगल'चे दोन हात देऊ नका

पावसाळा मध्यावर आला की व्हॉट्सअ‍ॅपवर एक सल्ला हमखास फिरू लागतो: 'भिंतीला बुरशी आली? ब्लीचमध्ये व्हिनेगर घालून फवारा, खरवडत बसू नका, वरून अँटी-फंगल कोटिंगचे दोन हात द्या. बुरशी कायमची बंद.' गणपतीआधी घर रंगवायची घाई असते, म्हणून तो लगेच पटतो. त्यातलं एकही वाक्य जसंच्या तसं पाळण्याजोगं नाही, आणि पहिलं तर जिवावर बेतू शकतं.

ब्लीचमध्ये व्हिनेगर, लिंबू किंवा संडास साफ करायचं अ‍ॅसिड पडलं की क्लोरीन वायू सुटतो. बाहेर पाऊस, खिडक्या बंद, घरात दम्याचं माणूस. अशा खोलीत हा प्रयोग कुणीही करू नये. नुसतं ब्लीच वापरलं तरी फारसं साधत नाही. गिलावा सच्छिद्र असतो. ब्लीचमधला औषधी अंश वरच्या थरातच संपतो आणि पाणी तेवढं आत मुरतं. डाग पांढरा पडतो, म्हणून बुरशी गेली असं वाटतं.

'खरवडू नका' हे त्याहून वाईट. मेलेली बुरशीसुद्धा अ‍ॅलर्जी आणू शकते. म्हणून अमेरिकेची पर्यावरण संरक्षण संस्था स्पष्ट सांगते की बुरशी नुसती मारून भागत नाही, ती काढावी लागते. आणि बुरशी असलेल्या जागेवर रंग देऊ नका, तो सोलून निघण्याचीच शक्यता जास्त. साहजिकच आहे, कारण तो रंग भिंतीला धरलेलाच नसतो, बुरशीच्या थराला चिकटलेला असतो. खरवडायचं मात्र कोरडं नाही. त्याने बीजाणू घरभर उडतात. आधी साबणाच्या पाण्याने जागा ओली करून स्पंजने पुसून घ्यायची, मग फुगलेली पुट्टी पत्रीने काढायची, थेट घट्ट गिलावा लागेपर्यंत. एन-९५ मास्क, हातमोजे आणि उघडी खिडकी हवीच. साधारण तीन फूट बाय तीन फुटांपेक्षा मोठा पट्टा असेल तर जाणकार माणूस बोलवा.

एक शंका आधीच फेडून घ्या. भिंतीवरचा पांढरा भुरभुरीत थर अनेकदा बुरशी नसतोच, लोणा असतो. पाणी मारल्यावर विरघळला तर तो क्षार. त्यावर बुरशीनाशक लावून काय होणार?

आता 'कायमची बंद'. अँटी-फंगल रंगातलं औषध रंगाच्या पापुद्र्यात असतं आणि पापुद्र्यापुरतंच काम करतं. धुण्यापुसण्याने ते हळूहळू कमी होतं. वर धूळ आणि स्वयंपाकाचा तेलकट थर बसला की बुरशी त्यावर वाढते. भिंतीतल्या पाण्याशी तर त्या औषधाचा संबंधच नाही. पाणी येतं बाहेरच्या गिलाव्याच्या तड्यातून, गच्चीतून, छज्ज्याच्या सांध्यातून, वरच्या घराच्या नहाणी ट्रॅपमधून, म्हणजे बाथरूमच्या जमिनीत सांडपाणी जायच्या तोंडातून. ते खोलीच्या बाजूला सुकायला बघतं आणि आपण तिथेच वाफ न सोडणारा रंग फासतो. मग फुगे येतात. असा फुगा अंगठ्याने दाबून पाहा: आतून पाण्याचा थेंब निघतो आणि मागे क्षाराची भुकटी हाताला लागते. हे काम रंगाचं नव्हतंच.

ओल भिंतीतली की हवेतली, हे ओळखायला फूटभर प्लास्टिक चारही बाजूंनी चिकटपट्टीने भिंतीला लावा आणि दुसऱ्या दिवशी बघा. पाणी प्लास्टिकच्या आत साचलं तर भिंतीतून येतंय, वरून साचलं तर खोलीतल्या दमट हवेचं. जुलैत मुंबईची आर्द्रता ऐंशी टक्क्यांच्या वर असते, त्यात आपण खोलीत कपडे वाळत घालतो. कपाटामागची बुरशी बहुधा या दुसऱ्या जातीची. तिथे आधी कपाट तीन-चार इंच पुढे ओढा, हवा खेळू द्या, जागा साफ आणि कोरडी करा. त्यानंतर अँटी-फंगल कोटिंग द्यायला माझी काहीच हरकत नाही. बाथरूमच्या छतालाही ते उपयोगी पडतं. शेवटची पायरी म्हणून ते चांगलंच आहे.

पण भाद्रपदात भिंत रंगवण्याचा आग्रह सोडा. तेव्हा गिलावा आतपर्यंत भिजलेला असतो. गणपतीपुरतं साफ करून भिंत उघडी ठेवली तरी चालतं. कोकणातल्या चिऱ्याच्या, चुन्याच्या जुन्या भिंतीला चुन्याचा हात द्यावा. चुना वाफ अडवत नाही, आणि ताजा असतो तोवर त्याच्या क्षारतेमुळे बुरशी सहसा धरत नाही. कालांतराने तो गुण जातो, म्हणून दरवर्षी चुन्याचा नवा हात द्यायचा. प्लास्टिक पेंटवर मात्र तो टिकणार नाही.

पावसाळ्यात करायचं काम म्हणजे गळती शोधणं, कारण ती तेव्हाच दिसते. ओलीच्या कडेने पेन्सिलने रेघ मारून तारीख लिहा. मोठ्या सरीनंतर रेघ ओलांडली तर पाणी बाहेरचं समजा. पाऊस उघडला की दुरुस्ती बाहेरून करून घ्या, थंडीभर भिंत सुकू द्या आणि रंग फेब्रुवारी-मार्चनंतर द्या. सोसायटीने 'आतून डॅम्प-प्रूफ मारून घ्या' म्हटलं तर गप्प बसू नका. महाराष्ट्रातल्या गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधींप्रमाणे पावसाच्या पाण्याची आणि सामाईक पाइपांची गळती दुरुस्त करण्याचा खर्च संस्थेचा आहे. पेन्सिलच्या रेघांचे तारखेसह फोटो जोडून लेखी अर्ज द्या आणि त्याची पोच घ्या.