नुसतं ‘बर्फ वितळतोय’ म्हणून भागत नाही

वॉलरस या आर्क्टिकमधल्या, लांब सुळ्यांच्या समुद्री प्राण्यावरच्या लेखात त्याचं संकट ‘बर्फ वितळतोय’ एवढ्यावरच आटोपलं आहे. त्यानं नेमकं बिघडतं काय, ते यायला हवं होतं.

वॉलरसचं मुख्य अन्न म्हणजे उथळ समुद्राच्या तळातले शिंपले. लेखात म्हटलंय तसा तो सुळ्यांनी तळ उकरत नाही. मिशांनी चाचपतो, शिंपला ओठांत धरतो आणि जीभ पिचकारीच्या दट्ट्यासारखी मागे ओढून आतलं मांस शोषून घेतो. अलास्का आणि सायबेरियाच्या मधल्या चुक्ची समुद्रात पिल्लांसह माद्या उन्हाळाभर या उथळ भागावर तरंगणाऱ्या बर्फावर विसावतात. बर्फ उत्तरेला खोल पाण्यावर सरकला, की तळातलं अन्न आवाक्याबाहेर जातं आणि किनारा गाठण्यावाचून इलाज नाही. सप्टेंबर २०१४ मध्ये अलास्कात पॉइंट ले इथे सुमारे ३५,००० वॉलरस एकाच किनाऱ्यावर दाटले होते. अशा वेळी विमान किंवा अस्वल दिसलं तर अख्खा कळप पाण्याकडे धावतो आणि पिल्लं चिरडून मरतात. हे वाचताना पोटात तुटतं.

वॉलरसच्या कुळात एके काळी कितीतरी जाती होत्या, त्यांतल्या बऱ्याच बिनसुळ्यांच्या. आज एकच उरली आहे!

नॉर्वेच्या स्वालबार्ड या आर्क्टिकमधल्या बेटांवर हस्तिदंतासारख्या सुळ्यांपायी वॉलरस जवळजवळ संपले होते. १९५२ मध्ये नॉर्वेनं संरक्षण दिल्यावर ते पुन्हा वाढले. पण शिकार कायद्यानं थांबते, बर्फाचं वितळणं नाही. म्हणून निदान हे कळप किनाऱ्यावर असताना तिथून विमानं आणि जहाजं लांब ठेवण्याचे नियम कडक हवेत. त्यावर लेखात एक ओळही नाही.